हजेरीची वही आणि हातातला फोन

'उचल्या' वर्गात शिकवताना नोंदीचा आणि हजेरीचा विषय हटकून निघतो. लक्ष्मण गायकवाड यांचे धनेगाव आज लातूर जिल्ह्यात असले, तरी १९८२ पर्यंत तो सारा मुलूख आमच्या उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव जिल्ह्याचाच भाग होता. १९८७ साली प्रसिद्ध झालेल्या या आत्मकथनातील पोलिसी छळ समजून घ्यायचा, तर १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यापर्यंत मागे जावे लागते.

त्या कायद्याची रीत पाहण्यासारखी आहे. सरकारने एखादी जमात अधिसूचित केली की तिच्यातील माणसांची नावे वहीत चढत. हद्दीबाहेर जायचे तर परवाना लागे. अधिसूचना हाच निर्णायक पुरावा, तिला न्यायालयात आव्हान देण्याची सोय नव्हती. १९११ च्या कायद्याने बोटांचे ठसेही आले. शेजारच्या सोलापुरात तर तारेच्या कुंपणातली वसाहतच उभी राहिली. माणसाने काय केले याची ही नोंद नव्हतीच. तो पुढे काय करील याचे, जन्मावरून बांधलेले ते भाकीत होते.

१९५२ मध्ये कायदा रद्द झाला. भाकिताची सवय मात्र नव्या मालकांकडे गेली, असे आम्हाला वाटते. कुठे गेलो, काय शोधले, कोणत्या चित्रावर थांबलो, हे सारे गूगल-फेसबुकसारख्या कंपन्या टिपतात आणि त्यावरून आपल्याला एखाद्या गटात बसवतात. फेसबुकने २०१३ पासून जाहिरातदारांना त्यांच्या ग्राहकांसारखी दिसणारी माणसे शोधून देण्याची सोय केली. त्या माणसांना कोणी विचारलेले नसते. जाहिरात आणि पोलिसांची धाड यांना एका मापाने मोजणे हा पारध्यांचा आणि उचल्यांचा अपमान ठरेल, हे मान्यच आहे. पण 'तुमच्यासारखे लोक असे वागतात, म्हणून तुम्हीही तसेच' ही विचाराची चाल दोन्हीकडे एकच आहे. फरक इतकाच की या वहीत आपण स्वतःच नाव घालतो, अटी न वाचता.

२०२३ च्या व्यक्तिगत विदा संरक्षण कायद्याने आपल्या माहितीचा गोषवारा मागण्याचा आणि ती दुरुस्त करून घेण्याचा हक्क दिला. १८७१ च्या वहीत हे कल्पनेपलीकडचे होते. याच कायद्याने केंद्र सरकारला अधिसूचना काढून आपल्या यंत्रणांना सूट देण्याची मुभाही ठेवली आहे. तुळजापूरजवळच्या यमगरवाडीत आज भटक्या-विमुक्तांची मुले शिकतात. त्यांच्यापैकी कोणी उद्या आमच्या वर्गात येऊन बसले, तर 'अधिसूचना' या शब्दाचा अर्थ त्यांना आम्ही कोणत्या कायद्यापासून सांगायला सुरुवात करावी?