जुने ॲनिमे आणि मांगा जपतं कोण?

नारुतो, वन पीस आज फोनवर सहज बघता येतं. पण थिएटरमध्ये लागलेल्या जपानी ॲनिमेशनपटांपैकी आज शिल्लक असलेला सगळ्यात जुना कोणता? १९१७ सालचा ‘नामाकुरा गाताना’, म्हणजे ‘बोथट तलवार’. नवी तलवार वाटसरूंवर चालवून बघायला गेलेला सामुराई उलट मारच खातो, अशी ही काही मिनिटांची गंमत. ही फिल्म कायमची हरवली, असंच समजलं जात होतं. मग ओसाकात जुन्या वस्तूंच्या बाजारात तिचं रीळ सापडलं आणि २००८ मध्ये ही बातमी जगासमोर आली.

बाकीच्या फिल्म कुठे गेल्या?

तेव्हा प्रती मोजक्याच निघायच्या. नायट्रेट फिल्म पटकन पेट घेते. त्यात १९२३ चा टोकियोचा भूकंप आणि पुढे महायुद्धातली बॉम्बफेक. मांगाचं दुखणं वेगळं. मासिकं स्वस्त कागदावर छापायची, वाचून झाली की रद्दीत.

मग वाचवलं कसं?

२०१७ मध्ये जपानी ॲनिमेशनला १०० वर्षं झाली, तेव्हा जपानच्या राष्ट्रीय फिल्म संग्रहाने सुरुवातीला ६४ जुन्या फिल्म ऑनलाइन आणल्या. ‘बोथट तलवार’ही तिथे मोफत बघता येते.

अकिता प्रांतातल्या योकोते शहराच्या मांगा संग्रहालयाकडे ४ लाखांहून जास्त मूळ चित्रपानं आहेत. तिथे ती स्कॅन करून ठेवतात. पेन्सिलच्या खुणा, पांढऱ्या रंगाने केलेली दुरुस्ती, असं छापील प्रतीत न दिसणारं बरंच काही त्यात टिकतं.

सगळं ऑनलाइन का टाकत नाहीत?

कारण कॉपीराइट. जपानमध्ये तो लेखकाच्या मृत्यूनंतर ७० वर्षं चालतो. यावर ‘लव्ह हिना’चे लेखक केन आकामात्सू यांनी वाट काढली. त्यांच्या ‘मांगा लायब्ररी झेड’वर छपाई बंद झालेले मांगा लेखकाच्या परवानगीने मोफत वाचता यायचे आणि जाहिरातींचे पैसे लेखकाला मिळायचे. पण पेमेंट सांभाळणाऱ्या कंपनीने करार मोडला आणि नोव्हेंबर २०२४ मध्ये ही साइट बंद करावी लागली. ती पुन्हा उभी करण्यासाठी चाहत्यांनी वर्गणी दिली.

थोडक्यात, स्कॅन केलं म्हणजे जपलं असं होत नाही. परवानगी, सर्व्हरचा खर्च आणि नीट ठेवलेली नोंद लागते. चोरून टाकलेल्या स्कॅनमागे यातलं काहीच नसतं. साइट गेली की मांगाही गेला.