बरगड्यांवरची लाली

डुकराच्या चकचकीत तांबूस बरगड्या घरी कशा भाजायच्या, असे जुन्या ग्वांगझूमधल्या, म्हणजे कँटनमधल्या, गृहिणीला विचारले असते, तर तिने दुकानाचा पत्ता सांगितला असता. तिच्या घरी चूल होती, कढई होती, ओव्हन नव्हता. घरच्या बरगड्या सोया सॉस, साखर, आले आणि तांदळाची दारू घालून कढईत शिजत, रस आटून अंगाला चिकटेपर्यंत. मांस आकड्याला टांगून भट्टीत भाजणे हे ‘सिऊ मेई’वाल्यांचे, म्हणजे भाजलेले मांस विकणाऱ्या दुकानदारांचे काम. अवचित पाहुणा आला, की घरातले कोणीतरी कोपऱ्यावर धावायचे. दुकानदार तुकडा वजन करून जाड ओंडक्यावर सुऱ्याने खटाखट तोडून द्यायचा.

चकाकीची सामग्री मात्र या दुकानांहून फार जुनी. सहाव्या शतकात जिया सिशिएने लिहिलेल्या ‘चीमिन याओशू’ या शेतीग्रंथात माल्टोजची कृती आहे. धान्याला मोड आणून वाळवायचे, शिजलेल्या भातात मिसळायचे आणि ऊबेला ठेवायचे. मोडांतली विकरे भातातल्या पिष्टाची साखर करतात. गाळून आटवले, की काकवीहून दाट, तार सुटणारा पाक तयार. उसाचा संबंधच नाही! त्याच ग्रंथात डुकराचे पिल्लू भाजताना रंग चढावा म्हणून पुन्हापुन्हा दारू फासायला सांगितले आहे.

लाली येते ती लाल बुरशी चढवलेल्या तांदळाने आंबवलेल्या टोफूमुळे. पुढे बाटलीतला रंग आला आणि बरगड्या नको इतक्या भडक झाल्या.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून ग्वांगझू ज्यात येते त्या ग्वांगडोंग प्रांतातली माणसे सोन्याच्या आशेने कॅलिफोर्नियाला गेली. १८८२ च्या कायद्याने चिनी मजुरांना दारे बंद झाली, ती १९४३ मध्ये जेमतेम किलकिली झाली. मधल्या काळात, १९३० च्या दशकात, ‘डॉन द बीचकोंबर’ आणि ‘ट्रेडर विक्स’ या उपाहारगृहांनी पॉलिनेशियन सजावटीत कँटनी पदार्थ खपवले. नाटकीपणा होताच, पण बरगड्या गोऱ्या गिऱ्हाइकांच्या तोंडी बसल्या.

त्या घरी करायच्या, तर अमेरिकी घरांत ओव्हन होता, सिऊ मेईवाल्यांची उंच भट्टी नव्हती. मग वरच्या जाळीला आकडे अडकवून बरगड्या लोंबत्या ठेवायच्या आणि खाली पाण्याचा ट्रे, म्हणजे गळणारी चरबी जळून धूर होत नाही, ही युक्ती रुळली.

तुम्हीही घरी करणार असाल, तर मसाला आदल्या रात्री चोळा. माल्टोज किंवा मध मात्र शेवटच्या दहा-पंधरा मिनिटांतच फासा. आधी लावला, तर मांस शिजण्यापूर्वी साखर करपते.