बारावा रकाना : आपल्या भागातील कुळांची हकीकत

आरती झाली, प्रसाद वाटून झाला की मंडपात ज्येष्ठ मंडळींच्या गप्पा रंगतात आणि दरवर्षी एक वाक्य कानावर येतेच, "आमचं ते रान कुळात गेलं." मंठाळ परिसरातल्या जुन्या मराठी घरांत हे वाक्य ऐकले नाही असे घर क्वचितच असेल. कुणाचे रान गेले, कुणाला मिळाले. दोघांचीही नातवंडे आज याच मंडपापुढे लेझीम खेळतात. म्हणून ही हकीकत एकदा सरळ लिहून ठेवावी असे वाटले.

17 सप्टेंबर 1948 रोजी निजामी राजवट संपली. त्याआधी कल्याणीच्या बाजूला नवाबांची जहागीर होती. रान कसणारा बहुधा शिकमी किंवा बटईदार असे. करार तोंडी, पावती नाही. मालकाने "यंदा सोड" म्हटले की औत उचलून निघायचे. 15 ऑगस्ट 1949 रोजी जहागिऱ्या रद्द झाल्या. 1950 साली हैदराबादचा कूळवहिवाट कायदा आला. कायद्याने ठरवलेल्या काळात सलग सहा वर्षे जमीन कसणारा 'संरक्षित कूळ' ठरला आणि त्याला मनात येईल तेव्हा हुसकणे बंद झाले.

1 नोव्हेंबर 1956 रोजी राज्यांची फेररचना झाली. बिदर जिल्ह्यातले उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके मुंबई राज्यात गेले, आपण म्हैसुरात राहिलो. मामाचे शेत निलंग्याकडे, आपले इकडे. मराठवाड्यात हैदराबादचाच कायदा दुरुस्त्यांसह चालू राहिला. आपल्याकडे 1961 चा भूसुधारणा कायदा 2 ऑक्टोबर 1965 पासून लागू झाला.

खरी उलथापालथ केली ती देवराज अरसांच्या काळातल्या दुरुस्तीने. 1 मार्च 1974 रोजी कुळांकडची जमीन सरकारजमा झाली. कुळाने नमुना 7 भरून भून्यायमंडळापुढे हक्क मागायचा. अध्यक्ष सहायक आयुक्त, सोबत सरकारने नेमलेले चार सदस्य, त्यांत किमान एक अनुसूचित जाती-जमातीचा. अर्जाची मुदत वाढत वाढत 30 जून 1979 पर्यंत गेली.

आमचेही रान त्यात गेले. आजोबांचे म्हणणे एकच, "तो आमचा गडी होता, कूळ नव्हे." वडील कित्येक वर्षे त्या माणसाच्या गल्लीने गेले नाहीत. पुढे नोकरीत जुन्या पहाण्या हाताळता हाताळता कायदा वाचण्याची सवय लागली. रोख किंवा धान्याच्या मजुरीवर राबतो तो गडी. पिकाच्या वाट्यावर कसतो तो मजूर नव्हे, कूळ. एके दिवशी आमच्याच गटाची पहाणी उघडली. नवव्या रकान्यात आजोबांचे नाव, बाराव्यात, म्हणजे कसणाऱ्याच्या रकान्यात, त्या माणसाचे. वर्षामागून वर्षे तेच. निकाल बरोबर होता. वडिलांना हे सांगितले, तेव्हा ते काही बोलले नाहीत. त्या वर्षी विसर्जनाच्या मिरवणुकीत मात्र त्या घरापुढे थांबून त्यांनी पाणी मागितले.

त्याच दुरुस्तीत 79-ब हे कलम आले. काही अपवाद सोडता कंपन्या, संस्था, आणि सहकारी शेती वगळून बाकीच्या सहकारी संस्था यांना शेतजमीन बाळगण्यास मनाई झाली. कसणाऱ्याच्या हातातली जमीन कागदावर बळकट असलेल्यांकडे जाऊ नये, हा त्यामागचा विचार. 2020 मध्ये हे कलम काढून टाकण्यात आले.

आपली मुले मुंबई-पुण्यात भाड्याने राहतात, त्यांच्यासाठीही दोन गोष्टी. डेक्कन मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1968 साली सांगितले की, सहकारी बँकेने इमारत घेतली म्हणून तिथल्या जुन्या भाडेकरूशी असलेला वाद 'बँकेच्या व्यवसायाचा' ठरत नाही. भाडेकरूचे संरक्षण भाडे कायद्याचेच. उलट बाजूने, 31 मार्च 2000 पासून महाराष्ट्रात एक कोटी किंवा अधिक भरणा भांडवलाची कंपनी भाडेकरू असेल तर तिला ते संरक्षण नाही. दोन्हींत सूत्र एकच : कायद्याची सावली दुबळ्यावर हवी.

आज आपल्या गावांत बटई थांबलेली नाही. पण काही अपवाद वगळता आपल्या राज्यात शेतजमीन कुळाने द्यायला बंदी, त्यामुळे कोणी लिहून देत नाही, कोणी लिहून घेत नाही. मालकाला रान जाण्याची भीती, कसणाऱ्याकडे पीककर्जाला दाखवायला कागद नाही. उद्या ते रान कंपनीला विकले गेले तर दहा वर्षे तिथे घाम गाळणाऱ्याचे नाव कुठे शोधणार?

गणपतीच्या सुट्टीत घरी सगळे जमतात. एक दुपार काढा, पहाणीचा उतारा काढून आणा आणि नववा रकाना वाचून झाला की बारावाही वाचा. तिथे कोण आहे आणि खरे कोण असायला हवे, हे घरातल्या पोरांना सांगा. भांडणासाठी नव्हे, माहीत असावे म्हणून.

गणपती बाप्पा मोरया!