दामदुप्पट ते मासिक हप्ता : गृहकर्जाच्या दीर्घकालीन किमतीचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना

कर्ज काढून घर उभारणे आणि कर्जापायी घर गमावणे या दोन्ही घटना महाराष्ट्राच्या सामाजिक इतिहासाला परिचित आहेत. एकोणिसाव्या शतकातील दख्खनचा शेतकरी जमीन व घर सावकाराकडे गहाण टाकत असे. एकविसाव्या शतकातील नोकरदार आपली सदनिका बँकेकडे तारण ठेवतो. ऋणको, धनको आणि कर्जाचे प्रयोजन यांत या दीर्घ कालखंडात मूलगामी बदल झाला आहे. तथापि एक प्रश्न कायम राहिला आहे. घेतलेल्या मुद्दलाच्या बदल्यात अखेरपर्यंत एकूण किती द्यावे लागणार, हे ऋणकोला केव्हा आणि कोणत्या स्वरूपात समजते? प्रस्तुत लेखात या प्रश्नाचा मागोवा पश्चिम भारताच्या, विशेषतः जुन्या मुंबई इलाख्याच्या, संदर्भात घेतला आहे.

उद्दिष्टे

१. दामदुप्पट या पारंपरिक नियमाचे स्वरूप व मर्यादा तपासणे.
२. १८५५ ते १८७९ या काळात कर्जाची खरी किंमत ऋणकोच्या दृष्टीआड कशी गेली, हे पाहणे.
३. आधुनिक गृहकर्जातील मासिक हप्त्याच्या पद्धतीचे त्या अनुभवाच्या प्रकाशात मूल्यमापन करणे.

दामदुप्पट : आशय आणि मर्यादा

व्याज मुद्दलाच्या बरोबरीस पोहोचले की त्यापुढे वाढू नये, हे तत्त्व धर्मशास्त्रीय परंपरेत प्राचीन आहे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात त्याचा निर्देश आढळतो. ब्रिटिश अमदानीतही मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोच्या बाबतीत हा नियम मान्य केला. शंभर रुपये कर्ज दिले असेल, तर धनकोला एका वेळी मुद्दल शंभर आणि व्याज फार तर शंभर, एवढेच मागता येत असे.

या नियमासंबंधी एक गैरसमज प्रचलित आहे. ऋणकोने आयुष्यभरात दिलेल्या एकूण व्याजावर दामदुप्पट मर्यादा घालत नव्हती, तर एका वेळी वसूल होऊ शकणाऱ्या थकीत व्याजावर घालत होती. वेळोवेळी भरलेले व्याज या हिशेबात धरले जात नसे. दावा दाखल झाल्यानंतरच्या काळालाही हा नियम लागू नसे. असे असले तरी तिचे सामाजिक मोल कमी लेखता येत नाही. निरक्षर कुणब्यालाही समजेल असे एक प्रमाण तिने समाजाला दिले होते. दर शेकडा किती, चक्रवाढ किती काळाने, असल्या तपशिलात न शिरता मुद्दलाशी मुद्दलाची तुलना एवढ्यावर ऋणकोला आपल्या स्थितीचा अंदाज बांधता येत असे.

मुदतीचा कायदा आणि नवे खत

१८२७ च्या एल्फिन्स्टनकालीन विनियमांनी व्याजाला वार्षिक १२ टक्क्यांची कमाल मर्यादा घातली होती. १८५५ च्या २८ व्या अधिनियमाने व्याजदरावरील असे निर्बंध उठवले आणि उभयपक्षी ठरलेला दर न्यायालयांनी मान्य करावा असे ठरले. पाठोपाठ १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या कर्जरोख्यावर दावा करण्याची मुदत तीन वर्षांची केली. जुनी, पिढ्यान्‌पिढ्यांची मागणी उकरून काढता येऊ नये, हा या तरतुदीमागील हेतू होता. प्रत्यक्षात परिणाम उलटा झाला. मुदत संपण्यापूर्वी सावकार नवे खत लिहून घेऊ लागला आणि थकलेले व्याज नव्या खतात मुद्दल म्हणून नोंदवले जाऊ लागले.

उदाहरणादाखल, १०० रुपयांचे कर्ज वार्षिक २४ टक्के सरळ व्याजाने दिले आणि दर तीन वर्षांनी खत नवे केले, तर तीन वर्षांनी मुद्दल १७२ रुपये, सहा वर्षांनी सुमारे २९६ रुपये आणि नऊ वर्षांनी सुमारे ५०९ रुपये होते. खत एकच राहिले असते, तर दामदुपटीनुसार मागणी २०० रुपयांवर थांबली असती. नवे खत झाल्यामुळे दुपटीची मोजणी प्रत्येक वेळी नव्या मुद्दलापासून सुरू झाली. नियम अबाधित राहिला, मात्र त्याचे संरक्षण निघून गेले.

या व्यवस्थेचे टोक घरापर्यंत पोहोचल्याचे उदाहरण पुणे जिल्ह्यात शिरूर तालुक्यातील करडे गावी घडले. डिसेंबर १८७४ मध्ये काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्याविरुद्ध सुमारे १५० रुपयांच्या देण्यापोटी हुकूमनामा मिळवला आणि त्यांचे घर पाडण्यास आरंभ केला. त्यातून गावकऱ्यांनी सावकारांवर सामाजिक बहिष्कार टाकला व तो आसपासच्या गावांत पसरला. पुढे १२ मे १८७५ रोजी भीमथडी तालुक्यातील सुपे येथे दंगा उसळला आणि त्याचे लोण अहमदनगर जिल्ह्यात पोहोचले. जमावाचा रोख प्रामुख्याने खते, रोखे आणि हुकूमनामे हस्तगत करून जाळण्यावर होता. या दंग्यांच्या व्याप्तीविषयी इतिहासकारांत मतभेद आहेत. नील चार्ल्सवर्थ यांनी त्यांचे महत्त्व अतिरंजित असल्याचे मत मांडले आहे. परंतु रोष व्यक्तींपेक्षा कागदांवर अधिक होता, ही बाब प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने अर्थपूर्ण आहे. आपण किती देणे लागतो हे ज्या कागदावरून कळावयाचे, तोच कागद ऋणकोला वाचता येत नव्हता.

१८७९ चा अधिनियम : हिशेब उलगडण्याचा हक्क

दंग्यांच्या चौकशीसाठी नेमलेल्या आयोगाच्या अहवालानंतर १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य अधिनियम संमत झाला. प्रारंभी पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो लागू होता. या कायद्याचे वैशिष्ट्य व्याजदर ठरवून देण्यात नव्हते. खतावरील आकडा अंतिम न मानता त्या व्यवहाराचा आरंभापासूनचा इतिहास तपासण्याचे कर्तव्य त्याने न्यायालयावर टाकले. मुद्दल आणि व्याज यांचे हिशेब वेगळे मांडावयाचे, चक्रवाढ व्याज नामंजूर करावयाचे आणि हुकूमनाम्याची फेड हप्त्यांनी करू द्यावयाची, अशी त्याची रचना होती. ऋणकोला लेखी पावती आणि वार्षिक हिशेब मागण्याचा हक्कही देण्यात आला.

कायद्याला पळवाटाही लवकरच सापडल्या. गहाणखताऐवजी उघड खरेदीखत करून घेण्याची प्रथा वाढली. अनेकांचा कर्जपुरवठा आटला, अशी टीकाही झाली. तरीही खताच्या मागे जाऊन व्यवहाराचे खरे स्वरूप पाहिले पाहिजे, हा विचार कायद्यात रुजला. १९१८ च्या अतिव्याज कर्ज अधिनियमाने अवाजवी व्याजाचे व्यवहार पुन्हा उघडून पाहण्याचा अधिकार न्यायालयांना व्यापक प्रमाणावर दिला.

संस्थात्मक गृहकर्जाचा उदय

स्वातंत्र्योत्तर काळात नागरी मध्यमवर्गाचे घर दीर्घकाळ निवृत्तीच्या वेळी मिळणाऱ्या रकमेवर आणि आप्तेष्टांच्या साहाय्यावर अवलंबून होते. हसमुखभाई पारेख यांच्या पुढाकाराने १९७७ मध्ये मुंबईत एचडीएफसी ही संस्था स्थापन झाली आणि कमावत्या वयातच घर ही कल्पना रूढ होऊ लागली. १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक अस्तित्वात आली. व्याजदरांवरील नियंत्रणे १९९० च्या दशकात शिथिल झाल्यावर व्यापारी बँकाही या क्षेत्रात मोठ्या प्रमाणावर उतरल्या.

या विस्ताराच्या उंबरठ्यावर कायद्यात एक महत्त्वाचा बदल झाला होता. १९८४ मध्ये बँकिंग विनियमन अधिनियमात २१-अ हे कलम समाविष्ट करण्यात आले. व्याज अवाजवी आहे एवढ्याच कारणावरून बँकेचा कर्जव्यवहार न्यायालयाने पुन्हा उघडू नये, असे त्याने ठरवले. पुढे २००२ च्या सरफेसी अधिनियमाने थकीत कर्जाबाबत ६० दिवसांची नोटीस देऊन, न्यायालयीन हुकूमनाम्याविना, तारण मालमत्तेचा ताबा घेण्याचा मार्ग खुला केला. याउलट महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, २०१४ अन्वये परवानाधारक सावकारास मुद्दलापेक्षा अधिक व्याज वसूल करता येत नाही. अशा रीतीने दामदुपटीचे तत्त्व सावकारीपुरते जिवंत राहिले आणि बँकांचे गृहकर्ज त्याच्या कक्षेबाहेर गेले. नियंत्रित बँक आणि अनियंत्रित सावकार यांत भेद करणे तर्कसंगतच होते. परंतु त्यामुळे गृहकर्जदाराकडे खर्चाचे कोणतेही सुबोध प्रमाण उरले नाही.

मासिक हप्त्याचे गणित

त्या प्रमाणाची जागा समान मासिक हप्त्याने घेतली. हप्ता पगाराशी ताडून पाहता येतो, ही त्याची सोय आहे आणि हीच त्याची अडचणही आहे. १० लाख रुपयांचे कर्ज वार्षिक ९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतल्यास हप्ता सुमारे ८,९९७ रुपये येतो. एकूण परतफेड सुमारे २१ लाख ५९ हजार रुपये होते, म्हणजे व्याजच मुद्दलाहून अधिक भरते. पहिल्या हप्त्यातील ७,५०० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल केवळ सुमारे १,४९७ रुपयांनी घटते. दहा वर्षे नियमित हप्ते भरल्यावरही सुमारे ७ लाख १० हजार रुपये शिल्लक राहतात. मुद्दल निम्म्यावर येण्यास सुमारे १४ वर्षे लागतात.

हेच कर्ज १५ वर्षांसाठी घेतले तर हप्ता सुमारे १०,१४३ रुपये होतो आणि एकूण व्याज सुमारे ८ लाख २६ हजार रुपयांवर येते. हप्त्यातील सुमारे १,१४६ रुपयांची वाढ एकूण व्याजात सुमारे ३ लाख ३३ हजार रुपयांची बचत करते. दर दोन्ही वेळी एकच आहे, खर्चातील फरक केवळ मुदतीचा आहे. मासिक हप्त्याकडेच लक्ष राहिले की नेमकी ही बाब नजरेतून सुटते.

येथे एका आक्षेपाचा विचार केला पाहिजे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो, वेतन वाढते, घरभाडे वाचते आणि घराची किंमतही वाढू शकते. म्हणून व्याजाची निव्वळ बेरीज ही कर्जाची संपूर्ण आर्थिक किंमत मानता येणार नाही. हा आक्षेप योग्य आहे. तथापि प्रक्रिया शुल्क, विम्याचे हप्ते, मुद्रांक शुल्क, नोंदणी आणि देखभाल हे खर्च त्या बेरजेत नसतात, हेही तितकेच खरे आहे. लाभ आणि खर्च यांची तुलना करावयाची झाल्यास प्रथम दोन्ही आकडे ऋणकोसमोर असावे लागतात.

तरता व्याजदर : नव्या खताचे आधुनिक रूप

बहुसंख्य गृहकर्जे तरत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य निर्देशांकाशी जोडण्यात आली. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. या वाढीचा परिणाम आकड्यांत पाहता येतो. ७ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतलेल्या १० लाखांच्या कर्जाचा हप्ता सुमारे ७,७५३ रुपये असतो. वर्षभराने शिल्लक सुमारे ९ लाख ७६ हजार रुपये राहते. त्या वेळी दर ९.५ टक्के झाला तर केवळ व्याजच दरमहा सुमारे ७,७२८ रुपये होते. हप्ता तोच ठेवल्यास उरलेली १९ वर्षांची मुदत गणिताने सुमारे ६० वर्षांपर्यंत लांबते. मुदत तीच ठेवावयाची तर हप्ता सुमारे ९,२६३ रुपये करावा लागतो.

हप्ता न बदलता मुदत वाढवण्याच्या या पद्धतीत १८५९ नंतरच्या नव्या खताशी साम्य दिसते. दोन्हींत ऋणकोला तातडीचा भार जाणवत नाही आणि दोन्हींत एकूण देणे मात्र वाढते. फरकही स्पष्टपणे नोंदवला पाहिजे. बँकेच्या व्यवहारात लेखे असतात, नियामक असतो आणि भरलेल्या प्रत्येक रुपयाची नोंद असते. २०२० च्या कोविडकालीन हप्तास्थगितीच्या वेळी व्याजावर व्याज आकारण्याचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि मार्च २०२१ च्या निकालाने स्थगितीच्या कालावधीसाठी असे व्याज अमान्य ठरले. चक्रवाढीविषयीची जुनी अस्वस्थता नव्या काळातही संपलेली नव्हती, हे त्यातून दिसते.

मर्यादेकडून माहितीकडे

भारतीय रिझर्व्ह बँकेने या अडचणीवर व्याजाची मर्यादा हा मार्ग स्वीकारला नाही. तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड आकारण्यास बँकांना २०१२ मध्ये मनाई झाली. ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दर बदलताना हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्ही, असे पर्याय कर्जदाराला द्यावयाचे आहेत आणि मुदतवाढीमुळे मुद्दल घटण्याऐवजी वाढू नये, याची दक्षता घ्यावयाची आहे. वसूल झालेले मुद्दल व व्याज आणि उर्वरित हप्त्यांची संख्या दर तिमाहीस कळवणेही बंधनकारक झाले. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या किरकोळ कर्जांना ‘मुख्य तथ्य विवरणपत्र’ लागू झाले. त्यात शुल्कांसह वार्षिक टक्केवारी दर आणि परतफेडीचे वेळापत्रक द्यावे लागते. मुद्दल व व्याज वेगळे दाखवण्याचा जो हक्क १८७९ च्या कायद्याने कुणब्याला दिला होता, तोच नव्या रूपात सदनिकाधारकापर्यंत येण्यास सुमारे दीड शतक लागले.

निष्कर्ष

१. दामदुप्पट ही एकूण व्याजाची मर्यादा नव्हती. मात्र देण्याची मुद्दलाशी तुलना करण्याचे सुबोध साधन ती होती.
२. १८५५ नंतरच्या बदलांनी हा नियम रद्द केला नाही. मुदतीचा कायदा आणि नव्या खतांची प्रथा यांनी तो निष्प्रभ केला. ऋणकोच्या हितासाठी केलेली तरतूद व्यवहारात त्याच्या विरोधात जाऊ शकते, हा या कालखंडाचा धडा आहे.
३. आधुनिक गृहकर्जात खर्च वाढवणारा निर्णायक घटक बहुधा मुदत हा असतो. मासिक हप्ता तो घटक दृष्टीआड ठेवतो.
४. मर्यादेऐवजी माहिती हे धोरण कर्जदार ती माहिती वाचू शकतो या गृहीतकावर उभे आहे. १८७५ मध्ये अडचण अक्षरओळखीची होती, आज ती आकडेओळखीची आहे.

त्यामुळे परतफेडीच्या वेळापत्रकाचे वाचन हा केवळ वाणिज्य शाखेचा विषय मानणे पुरेसे नाही. सर्व शाखांच्या पदवी अभ्यासक्रमांत त्याला स्थान मिळणे आवश्यक आहे. सुप्याच्या ऋणकोंना जो कागद वाचता आला नाही तो त्यांनी जाळला. आजच्या कर्जदाराच्या हाती तो कागद स्वाक्षरीपूर्वीच येतो, आणि त्याचे वाचन शिकवणे हे महाविद्यालयांचे काम आहे.