सुदाम्याची शिदोरी

विनोदी लेख मासिकाच्या अंकाबरोबरच शिळा होतो, हा समज आम्हांस मान्य नाही. गोंदियापासून बुलढाण्यापर्यंतच्या साऱ्या विदर्भाने अभिमान बाळगावा असे श्रीपाद कृष्ण कोल्हटकर (१८७१–१९३४) नागपुरास जन्मले व वऱ्हाडात वकिली करीत राहिले. १९०२ पासून त्यांचे विनोदी लेख 'विविधज्ञानविस्तारा'त येऊ लागले. १९१० साली अठरा लेखांचे 'सुदाम्याचे पोहे' निघाले. पुढे ही संख्या बत्तीसवर गेली. सुटा लेख वाचून नुसते हसू येते. सर्व लेख एकत्र वाचले म्हणजे मात्र सुदामा, बंडूनाना व पांडूतात्या यांच्या फजितीआडून रूढींची नि धर्मभोळेपणाची सलग झडती चाललेली दिसते. व्याख्यानाने जी रूढी हट्टास पेटते, ती हास्याने ओशाळते. हे मर्म संग्रहावाचून आमच्या ध्यानी येते ना.