घटस्फोटानंतर पोटगी: अर्ज कुठे करायचा, पैसे कधीपासून मिळतात?

घटस्फोट झाला की नवऱ्याची जबाबदारी संपली, असा समज सर्रास आढळतो. कायदा तसं सांगत नाही. सीआरपीसीच्या कलम १२५ ची जागा १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ ने घेतली. त्यानुसार स्वतःचा खर्च भागवू न शकणारी आणि पुन्हा लग्न न केलेली घटस्फोटित पत्नी पोटगी मागू शकते. अल्पवयीन मुलांचा हक्क वेगळा असतो.

अर्ज कुठे?
पती पुण्यात किंवा सुरतेत असला, तरी जळगाव-धुळ्यात राहणारी पत्नी तिथल्याच कोर्टात अर्ज करू शकते. पतीचं उत्पन्न शेतीचं असेल, तर सातबारा आणि केळी-कापूस विक्रीच्या पावत्या उपयोगी पडतात.

पैसे कधीपासून?
नागपूर कुटुंब न्यायालयातून वर गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ४ नोव्हेंबर २०२० रोजी स्पष्ट केलं, की पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी. दोघांनीही उत्पन्न आणि मालमत्तेचं प्रतिज्ञापत्र देणं बंधनकारक आहे. अंतरिम पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो ६० दिवसांत निकाली काढायचा असतो.

पोटगी थकली तर?
वसुलीचा अर्ज वर्षाच्या आत करावा लागतो. उशीर झाला, तर जुनी थकबाकी या मार्गाने मिळत नाही. न देणाऱ्याला दर थकीत महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, पण तुरुंगात जाऊन थकबाकी माफ होत नाही.

वकिलाची फी?
जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलांना मोफत वकील मिळतो. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.