निर्धाव षटकांचा धनी

तंजावरच्या बृहदीश्वर मंदिराच्या भिंतीवर सरफोजी राजांनी १८०३ साली भोसले कुळाचा इतिहास मराठीत कोरवून घेतला. तो पाहताना मराठी माणसाचा ऊर भरून येतो. तमिळ देशी मराठी माणसाची दुसरी एक नोंद तंजावरच्या उत्तरेस, मद्रास शहरी झाली. ती मात्र शिळेवर नाही. धावपुस्तकात आहे, आणि तीही बहुतेक शून्यांचीच. श्रोतेहो, ती रमेशचंद्र गंगाराम ऊर्फ बापू नाडकर्णी यांची.

दिवस १२ जानेवारी १९६४. कॉर्पोरेशन स्टेडियमवर इंग्लंडविरुद्ध कसोटी सामना चालू होता. भारताच्या ४५७ धावांना उत्तर देणाऱ्या इंग्लंडच्या संघातील काही खेळाडू पोटाच्या विकाराने बेजार झाले होते. बोलस व बॅरिंग्टन हे फलंदाज केवळ तग धरून राहण्याच्या विचारात होते, आणि समोरून डावखुऱ्या बापूंचा संथ चेंडू त्याच एका टप्प्यावर पुनःपुन्हा पडत होता. लागोपाठ २१ षटके निर्धाव गेली. १३१ चेंडूंवर एकही धाव निघाली नाही. डावाअखेर नोंद झाली ती अशी : ३२ षटके, २७ निर्धाव, ५ धावा, बळी एकही नाही.

एकही बळी नसलेल्या या पराक्रमाचे करायचे काय, असा प्रश्न रसिकांना पडला तर त्यात नवल नाही. सामना अनिर्णित राहिला, आणि अशा खेळाने प्रेक्षक कंटाळतो हा आक्षेपही अगदीच खोटा नव्हे. परंतु तो टप्पा आपोआप साधलेला नव्हता. सरावाच्या वेळी खेळपट्टीवर नाणे ठेवून त्यावर चेंडू टाकीत राहण्याची बापूंची रीत प्रसिद्ध आहे. शिवाय त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात, त्याच मद्रासेत, ऑस्ट्रेलियाविरुद्ध याच गोलंदाजीने पहिल्या डावात ३१ धावांत ५ आणि दुसऱ्या डावात ९१ धावांत ६ बळी मिळविले. दैवाचा खेळ असा की, बापूंना ११ बळी मिळाले तो सामना भारताने १३९ धावांनी गमावला!

बापूंचा जन्म नाशिकचा, ४ एप्रिल १९३३ चा. १९५५ साली न्यूझीलंडविरुद्ध दिल्लीस त्यांनी कसोटीत पदार्पण केले. ४१ कसोट्यांत त्यांनी ८८ बळी घेतले, आणि षटकामागे सरासरी १.६७ धावाच दिल्या. चिवटपणा फलंदाजीतही तोच. फेब्रुवारी १९६४ मध्ये कानपूरला भारतावर फॉलोऑनची नामुष्की आली, तेव्हा पहिल्या डावात नाबाद ५२ आणि दुसऱ्या डावात नाबाद १२२ धावा करून त्यांनी सामना वाचविला. १९६८ साली वेलिंग्टनला ४३ धावांत ६ बळी घेऊन परदेशातील भारताच्या पहिल्या मालिका-विजयाला त्यांनी हातभार लावला, आणि त्याच दौऱ्यात ऑकलंडला आपली अखेरची कसोटी खेळली.

येथे सहज कोरियाची आठवण होते. तेथील बेसबॉलमध्ये सन डोंग-योल नावाचा असाच कंजूष चेंडूफेक्या होऊन गेला. नऊ डावांमागे त्याच्यावर सरासरी १.२० धावाच जमा होत. पुढे व्यवस्थापक होऊन त्याने सॅमसंग लायन्सला २००५ व २००६ साली अजिंक्यपद मिळवून दिले. बेसबॉलचा व्यवस्थापक सामन्याची सारी सूत्रे हलवितो. क्रिकेटमध्ये मात्र मैदानावरची सत्ता कर्णधाराची. व्यवस्थापकाने पडद्याआड राहून माणसे सांभाळायची. निवृत्तीनंतर निवड समिती, नियामक मंडळाचे संयुक्त सचिवपद आणि संघाचे साहाय्यक व्यवस्थापकपद अशी कामे बापूंनी केली. मला वाटते, बळी न मोजता षटके टाकणाऱ्याला यातले शेवटचे काम अधिक मानवले असावे.

१९८०-८१ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात व्यवस्थापक होते विंग कमांडर दुराणी, आणि बापू त्यांचे साहाय्यक. फेब्रुवारी १९८१ मध्ये मेलबर्नला पायचीतच्या निर्णयाने संतापलेले कर्णधार सुनील गावसकर जोडीदार चेतन चौहानांना घेऊनच मैदानाबाहेर निघाले. चौहानांनी सीमारेषा ओलांडली असती तर सामन्यावर पाणी पडले असते. पण सीमेपाशीच अडवून त्यांना परत धाडण्यात आले. भारताचा डाव ३२४ वर संपला. विजयासाठी १४३ धावा हव्या असलेला ऑस्ट्रेलियाचा संघ ८३ धावांत गारद झाला, आणि भारताने मालिका बरोबरीत सोडविली.

१७ जानेवारी २०२० रोजी बापू मुंबईत निवर्तले. तेव्हा गावसकरांनी दौऱ्यांवरच्या या साहाय्यक व्यवस्थापकाची आठवण सांगितली. हातमोजे आणि पॅड आजच्याइतके चांगले नसत तेव्हाही, चेंडू अंगावर आदळला तरी, बापू खेळत राहिले होते. पुढल्या पिढीच्या खेळाडूंना त्यांचे आवडते सांगणे दोनच शब्दांचे असे : छोडो मत.